‘जरा कमी कर’ म्हणजे नेमकं किती कमी?

वाचकाचं पत्र

“मी सांगलीचा. वय २७. एका सहकारी पतसंस्थेत लिपिक आहे. कॉलेजपासून एकांकिका करतोय, राज्य नाट्य स्पर्धेतही तीनदा उतरलो, विनोदी भूमिकांसाठी दोन प्रमाणपत्रं मिळाली. गेल्या महिन्यात दोन गोष्टी एकदम झाल्या. मुंबईच्या एका व्यावसायिक विनोदी नाटकातला नट मालिकेमुळे नाटक सोडतोय, त्याच्या जागी मला विचारलंय. आणि एका वाहिनीच्या स्किटच्या कार्यक्रमासाठी माझी निवड झालीय. त्यांच्या दोन वर्षांच्या कराराचा मसुदा आलाय, त्यात ‘एक्सक्लुझिव्ह’ असं लिहिलंय. त्या ऑडिशनला दिग्दर्शक तीनदा म्हणाले, ‘जरा कमी कर.’ मी आवाज खाली आणला तर म्हणाले, ‘आता काहीच पोचत नाहीये.’ नेमकं काय कमी करायचं? नाटक घेऊ की टीव्ही? नोकरी सोडू का? आई नको म्हणते. मुंबईत मावशी डोंबिवलीला असते, राहायची सोय होईल. आकाशवाणीची ऑडिशन द्यायचा आता काही उपयोग आहे का? आणि एकदा विनोदी नट म्हणून शिक्का बसला की दुसरं काही मिळत नाही, हे खरं का?”

— गोंधळलेला विनोदी, सांगली

उत्तर

आधी निर्णयाचं बोलू, कारण मसुदा हातात असताना लोक फार दिवस थांबत नाहीत. नाटक घ्या. वाहिनीला नकार देऊ नका, पण मसुद्यावर आहे तशी सही करू नका. राजीनामा तूर्त लिहूच नका.

नाटक का, तर विनोद जमला की फसला याचं उत्तर त्याच क्षणी मिळण्याची जागा तीच एक आहे. स्टुडिओत समोर माणसं बसलेली असली तरी त्यांचं हसणं संकलनाच्या टेबलावर वाढतं, घटतं, मागाहून भरलं जातं. तुमची फसलेली हशाची जागा तुम्हाला कळतच नाही आणि पुढच्या भागात तुम्ही तीच पुन्हा करता. नाटकात शनिवारी रात्री पडलेली जागा रविवारी दुपारी चारला दुरुस्त करून बघता येते. २७व्या वर्षी पैशापेक्षा, प्रसिद्धीपेक्षा ही सोय महाग आहे. त्यामुळे वाहिनीशी जी काही घासाघीस कराल ती एवढ्यासाठी करा: नाटकाचे प्रयोग करण्याची मोकळीक.

आता ‘जरा कमी कर’. हे वाक्य रंगभूमीवरून कॅमेऱ्यासमोर गेलेल्या प्रत्येकाने ऐकलेलं असतं आणि बहुतेक जण तुमच्यासारखंच आवाजाचं बटण पिळतात. घोळ तिथेच होतो. एक साधा प्रसंग घेऊ. उसने पैसे मागून परत न करणारा भाचा मामाच्या दारात उभा आहे. मामा सावध. भाचा म्हणतो, “मामा, मी पैसे मागायला आलेलो नाही.” थांबतो. “घेऊन जायला आलोय.”

रंगमंचावर हशा दोनदा आहे. पहिल्या वाक्यावर मामाचा जीव भांड्यात पडतो, तो खुर्चीत मागे रेलतो. ते रेलणं बाल्कनीतल्या शेवटच्या रांगेला दिसेपर्यंत दुसरं वाक्य सोडायचं नाही, म्हणजे साधारण दोन सेकंद. या दोन सेकंदांत भाच्याने काहीही करायचं नाही. टोपी सारखी करायची नाही, पाय बदलायचा नाही. प्रेक्षकाची नजर हलणाऱ्याकडे जाते आणि आत्ता ती मामाकडे हवी. मग दुसरं वाक्य मामाला उद्देशून, पण चेहरा पाऊण प्रेक्षकांकडे उघडा ठेवून.

हेच कॅमेऱ्यासमोर. मामाचा सुटकेचा श्वास दुसऱ्या कॅमेऱ्याने क्लोजमध्ये घेतलेला आहे. प्रेक्षक मामाच्या नाकासमोर बसलाय, त्याला दोन सेकंद लागत नाहीत, अर्ध्यात काम होतं. तुम्ही मिड शॉटमध्ये असाल तर कंबरेखाली चाललेली हातांची सगळी करामत फुकट गेली. उलट रंगमंचावर कोणाला न दिसणारी गोष्ट, म्हणजे ‘नाही’ म्हणताना तुमची नजर मामाच्या खिशाकडे जाऊन येणं, इथे अख्खा हशा देऊन जाते.

रेडिओवर मामाचं रेलणं दिसतच नाही. म्हणून खुर्ची करकरली पाहिजे, नाहीतर मामाच्या तोंडी “हुश्श! बस बाबा, चहा टाकायला सांगतो” असं काहीतरी लिहिलेलं हवं. भाच्याचं दुसरं वाक्य त्या “सांगतो”च्या पाठोपाठ, अगदी हळू, माइकच्या जवळ.

प्रेक्षक किती लांब आहे एवढाच तिन्हींत फरक आहे. कमी करायचं असतं ते खुणांचं माप: भुवया, मान, हात, थांबणं. भाच्याची पैशाची निकड तिन्हीकडे तेवढीच राहिली पाहिजे. तुम्ही आवाजाबरोबर निकडही खाली आणलीत, म्हणून दिग्दर्शकांना काहीच पोचेना. दोन्ही वेळा ते बरोबर बोलत होते.

यावर घरी करण्यासारखा सराव आहे. चाळीस सेकंदांचा एक तुकडा घ्या. मोबाइल आडवा, डोळ्यांच्या उंचीवर, आधी १० फुटांवर, मग ५ आणि शेवटी अडीच फुटांवर ठेवून तीनदा करा. पहिल्यांदा नाट्यगृहातल्या शेवटच्या रांगेला, दुसऱ्यांदा जेवणाच्या टेबलापलीकडच्या माणसाला, तिसऱ्यांदा कानात सांगितल्यासारखं. तिन्ही आधी आवाज बंद करून बघा, मग डोळे मिटून ऐका. आवाज बंद असताना अडीच फुटांवरच्या चित्रणात भुवया सतत नाचताना दिसतील. त्या नाचतात, कारण एकांकिकेच्या रंगमंचावर त्या कोणाला दिसत नव्हत्या आणि कुणी तुम्हाला टोकलं नव्हतं. पंधरा दिवसांत फरक पडतो. एक मात्र ध्यानात ठेवा: स्किटचे कार्यक्रम मालिकेइतके बारीक नसतात. तिथे सेट रंगमंचासारखा असतो, कॅमेरे तीन-चार असतात, समोर माणसं असतात. तिथलं माप त्या पाच फुटांच्या चित्रणाजवळचं. मालिकेत किंवा सिनेमात गेलात की अडीच फुटांचं.

कॉलर माइकचंही एक. विनोदी नटांना छातीवर हात मारायची सवय असते, “आपण आहोत ना!” म्हणत. तो हात थेट माइकवर पडतो आणि वाक्यासकट टेक जातो. खळ लावलेला कडक सदरा, गळ्यातली माळ, बाईच्या वेशातलं मंगळसूत्र, सगळं खरखरतं. साउंडवाल्याला वेशभूषा आधी दाखवा, तो माइक कुठे लपवायचा ते सांगेल.

वाक्यरचनेबद्दलही सांगायला हवं, कारण स्किटच्या तालमीत तुम्ही स्वतः वाक्यं जुळवणार. मराठीत क्रियापद शेवटी येतं आणि विनोदाचा शब्द बऱ्याचदा नाम असतो. त्यामुळे हशा उठतो त्याच वेळी तुम्ही क्रियापद बोलत असता. “मी तुमच्या गाडीच्या चाव्या न्यायला आलोय” यात ‘चाव्या’वर लोक हसले की ‘न्यायला आलोय’ बुडालं. बोलीत मराठी वाकते, तिला वाकवा: “मी न्यायला आलोय… चाव्या.” वरच्या प्रसंगात विनोद क्रियापदातच आहे, म्हणून तिथे सरळ क्रम चालतो. पण “घेऊन जायला आलोय, मामा, बरं का” असं केलंत की संपलं. ‘बरं का’, ‘काय’, ‘म्हणजे’ ही शेपटं नवख्या नटाच्या जिभेवर आपोआप येतात, कारण हशा येईल की नाही या भीतीने तो शांतता भरून काढत असतो.

आणि हशा आल्यावर? तो चढतो, शिगेला पोचतो, उतरू लागतो. पुढचं वाक्य उतरत्या हशाच्या शेवटच्या तिसऱ्या हिश्शात घ्यायचं. शिगेवर घेतलंत तर ऐकू जात नाही आणि पुढच्या वेळी लोक वाक्य बुडू नये म्हणून हसू आवरतात. पूर्ण शांततेची वाट बघितलीत तर नाटक दर वेळी नव्याने ढकलावं लागतं. थांबलेल्या वेळात पुतळा व्हायचं नाही, पात्राचं काम चालू ठेवायचं: पाण्याचा घोट, चपला काढणं. पण नवी गंमत करायची नाही, तो हशा सहकाऱ्याच्या वाक्यावर आलेला असेल तर मुळीच नाही. दुसऱ्याच्या लाफ्टरवर हालचाल करणाऱ्या नटाला कंपनीत फार दिवस कोणी प्रेमाने वागवत नाही.

आता रिप्लेसमेंट. ही सगळ्यांत अवघड नोकरी आहे आणि सगळ्यांत कमी तालमीची. नव्या नाटकाला महिना-दीड महिना मिळतो, रिप्लेसमेंटला आठ-दहा दिवस, त्यातही सगळे नट एका वेळी क्वचित. म्हणून तालमीआधीच तयारी करा. प्रयोग दोनदा प्रेक्षागृहातून बघा, दोनदा विंगेतून. प्रेक्षागृहातून हशाच्या जागा टिपा, प्रत्येक जागेपुढे तो कशावर आला ते लिहा: शब्दावर, हालचालीवर, की समोरच्याच्या चेहऱ्यावर. विंगेतून बाकीचं टिपा: कुठल्या हाताने दार उघडायचं, ब्लॅकआउटमध्ये किती पावलांवर टेबल, कपडे बदलायला किती वेळ, प्रॉपर्टी, म्हणजे प्रयोगात लागणाऱ्या वस्तू, कोण हातात देतं. नव्या माणसाचा प्रयोग पडतो तो बहुधा या दुसऱ्या यादीमुळे. संवाद सगळ्यांना पाठ असतात, अंधारात टेबल सापडत नाही.

जुन्या नटाची नक्कल करू नका. त्याच्या जागा ठेवा, सूर ठेवू नका. त्याचा एखादा हशा त्याच्या अंगयष्टीवर येत असेल, तर तो तुमच्याकडे येणार नाही. पहिल्या पाच प्रयोगांत ती जागा गेली तर जाऊ द्या, तिथे तुमचं काय उगवतं ते दहाव्या प्रयोगाला दिसेल. तोवर ॲडिशन, म्हणजे संहितेत नसलेली पदरची वाक्यं, घेऊ नका. सांगलीकराला हे सांगताना जरा अवघड वाटतं: १८४३ साली तुमच्याच गावात विष्णुदास भाव्यांनी ‘सीतास्वयंवर’ केलं, तेव्हा विदूषकासकट सगळी पात्रं गद्य संवाद आयत्या वेळीच रचायची. पण आजच्या नाटकाला प्रकाशाचे आणि संगीताचे संकेत वाक्यावर बांधलेले असतात. तुम्ही वाक्य बदललंत की बूथमधल्या माणसाची बोटं चुकतात. शिवाय संहिता रंगभूमी परिनिरीक्षण मंडळाकडून प्रमाणपत्र घेऊन आलेली असते. सगळ्या नटांनी मिळून घेतलेल्या ॲडिशननी दोन तास वीस मिनिटांचं नाटक सहज पंधरा मिनिटं फुगतं, नाट्यगृहाच्या सत्राची वेळ उलटते आणि निर्माता विंगेत घड्याळ बघत उभा राहतो.

होकार देण्यापूर्वी निर्मात्याला किंवा व्यवस्थापकाला हे विचारा, लाजू नका. गेल्या तीन महिन्यांत दरमहा किती प्रयोग झाले (पुढे किती होतील हे विचारून उपयोग नाही, उत्तर नेहमी ‘भरपूर’ असतं). नाइट, म्हणजे एका प्रयोगाचं मानधन, किती आणि कधी मिळणार, त्याच रात्री की महिनाअखेर. दौऱ्यावर प्रवास, राहणं आणि जेवणाचा भत्ता कोणाकडे. प्रयोग ऐन वेळी रद्द झाला तर नाइटचं काय. जुने नट परत आले तर तुमचं काय. शेवटच्या प्रश्नावर लोक हसतात, पण तोच सगळ्यांत महत्त्वाचा. उत्तरं व्हॉट्सॲपवर लिहून घेतलीत तरी पुष्कळ.

डोंबिवलीची मावशी हा तुमच्या योजनेतला सगळ्यांत भक्कम भाग आहे. दादरच्या शिवाजी मंदिरात रात्री साडेआठचा प्रयोग संपवून शेवटच्या लोकलने परत जाता येतं, ठाण्याचं गडकरी रंगायतन, कल्याणचं अत्रे रंगमंदिर आणि डोंबिवलीचं सावित्रीबाई फुले नाट्यगृह तर हाताशीच. बोरीवलीच्या प्रबोधनकार ठाकरेला रात्रीचा प्रयोग असेल तर मात्र परतीचं गणित आधी मांडा.

नोकरी. प्रयोग बहुतांशी शुक्रवार ते रविवार असतात, सांगली ते मुंबई पावणेचारशे किलोमीटर आहे. रात्रीच्या बसने येऊन सोमवारी खुर्चीवर बसणं महिनाभर जमतं, पुढे आवाज आणि हिशेब दोन्ही चुकायला लागतात, आणि तुम्ही लोकांचे पैसे मोजता. म्हणून तीन महिन्यांची बिनपगारी रजा मागा. पतसंस्था लहान असेल तर संचालकांना समक्ष भेटा, गावातल्या नटाचं कौतुक असतं, त्याचा उपयोग करा. अशोक सराफ यांनी स्टेट बँकेतली नोकरी सांभाळत जवळपास दहा वर्षं कामं केली, लक्ष्मीकांत बेर्डे मुंबई मराठी साहित्य संघात नोकरीला असताना छोट्या भूमिका करत होते. पण ते दोघंही मुंबईतच होते, संध्याकाळी कचेरीतून थेट तालमीला जाता यायचं. त्यांचा दाखला आईला द्या, स्वतःला देताना एवढा फरक धरा.

तीन महिन्यांनंतर कसं ठरवायचं? वहीत तीन आकडे ठेवा: झालेले प्रयोग, हातात पडलेले पैसे, आणि तुम्ही न मागता आलेली बोलावणी. तिसरा आकडा शून्य असेल तर अजून राजीनाम्याची वेळ आलेली नाही.

पैशाचा एक खड्डा आधीच दाखवून ठेवतो. वाहिन्यांच्या कामाचे पैसे बिल दिल्यानंतर ९० दिवसांनी येण्याची पद्धत रुळलेली आहे. जूनमध्ये चित्रीकरण, जुलैच्या सुरुवातीला बिल, ऑक्टोबरच्या सुरुवातीला पैसे. बिल द्यायला आठवडा उशीर केलात तर पैसेही आठवडाभर पुढे. मानधनातून बहुधा १० टक्के टीडीएस, म्हणजे आधीच कापलेला प्राप्तिकर, वजा होऊन येईल, पॅन दिला नसेल तर २० टक्के. तो वर्षअखेर प्राप्तिकर खात्याकडच्या तुमच्या नावावरच्या नोंदीत दिसतोय का बघा आणि विवरणपत्र भरून जास्तीचा परत मागा. पहिल्या वर्षी बरेच नट हे पैसे तसेच सोडून देतात. कोऑर्डिनेटरमार्फत, म्हणजे काम मिळवून देणाऱ्या मध्यस्थामार्फत, काम आलं तर त्याची टक्केवारी टीडीएस कापण्याआधीच्या रकमेवर की नंतरच्या, हे आधी ठरवा. सहा महिन्यांचा खर्च बँकेत असल्याशिवाय टीव्हीच्या भरवशावर राहू नका.

आता तो मसुदा. ‘एक्सक्लुझिव्ह’ हा एक शब्द नाही, त्याच्या पोटात चार-पाच गोष्टी असतात. कशासाठी एक्सक्लुझिव्ह? दुसऱ्या वाहिनीवर काम करायचं नाही इतकंच असेल तर ते रास्त आहे. ‘कोणत्याही माध्यमात’ असं असेल तर त्यात नाटक, आकाशवाणी, जाहिरात, गणेशोत्सवातला कार्यक्रम, तुमचं स्वतःचं यूट्यूब, सगळं आलं. “व्यावसायिक व प्रायोगिक नाटकांचे प्रयोग आणि आकाशवाणीवरील कार्यक्रम यांना हे बंधन लागू नाही” ही ओळ घालून मागा. वाहिन्या ही ओळ बऱ्याचदा मान्य करतात, कारण त्यांच्या कार्यक्रमांतली बरीच मंडळी नाटकांतूनच आलेली असतात. खरा झगडा तारखांवर होतो, म्हणून पुढची ओळही हवी: चित्रीकरणाच्या तारखा किती दिवस आधी कळवणार. नाटकाची जाहिरात आठवडाभर आधी वर्तमानपत्रात जाते, तिकीटविक्री सुरू होते. तेव्हा पंधरा दिवस मागा, दहावर या.

मानधन भागावर आहे की दिवसावर? शिफ्ट बारा तासांची धरली जाते, त्यापुढे काय? दरमहा किमान किती दिवसांची हमी? हमी नसेल आणि बंधन मात्र दोन वर्षांचं असेल, तर तुम्ही घरी बसण्याचा करार करताय. तुम्ही उभं केलेलं पात्र लग्नसमारंभात, कॉर्पोरेट कार्यक्रमात करायची परवानगी आहे का, त्यातला वाटा किती? क्लिपा वर्षानुवर्षं इंटरनेटवर फिरणार, त्याचं वेगळं काही मिळणार की एकाच रकमेत सगळं आलं? आणि स्किट तुम्ही लिहिणार असाल तर लेखनाचा करार अभिनयाच्या करारापासून वेगळा करा. कॉपीराइट कायद्यानुसार हक्क देताना मुदत लिहिलेली नसेल तर ती पाच वर्षं धरली जाते आणि प्रदेश लिहिलेला नसेल तर भारतापुरता. म्हणून तर मसुद्यात ‘कायमस्वरूपी’ आणि ‘संपूर्ण जगात’ हे शब्द हमखास असतात. ते शब्द बघून घाबरू नका, त्यांची किंमत मागा. सांगलीतल्या ओळखीच्या वकिलाला दाखवा, पण माध्यमांचे करार पाहणारा मुंबईतला वकील तासाभराची फी घेऊन वाचून देईल तर ती फी देण्यासारखी आहे.

स्किटच्या कामात आणखी एक गोष्ट अंगावर येते, ती म्हणजे भूक. आठवड्याला दोन भाग असतील तर वर्षाला शंभर स्किटं होतात. एकांकिका तुम्ही वर्षभर घासता, इथे दहा मिनिटांचं स्किट दोन-तीन दिवसांत उभं करून विसरायचं असतं. तोतरं बोलणं, साडी नेसणं, दारुडा या तीन पुंज्यांवर आलेला नट दोन महिन्यांत रिकामा होतो. तुमची खरी पुंजी तुमची बोली आहे, पण ती खरी ठेवा. मुंबईत ‘ग्रामीण’ नावाची एक भाषा चालते, ती कुठल्याच गावात बोलत नाहीत. संहितेत “येतोय” असेल आणि पात्र तुमच्याकडचं असेल तर तुमच्या तोंडी “यायला लागलोय” असायला हवं, लेखकाला विचारून बदला. मच्छिंद्र कांबळींचं ‘वस्त्रहरण’ १९८० साली मालवणीत आलं आणि त्याचे पाच हजारांवर प्रयोग झाले. मालवणी न कळणारे प्रेक्षकही त्यात होते.

आकाशवाणीची ऑडिशन जरूर द्या, त्यासाठी तर गाव सोडावं लागत नाही. आकाशवाणी सांगलीत चौकशी करा, नाटक विभागाच्या ध्वनिचाचण्या कधी आहेत ते तिथे कळेल. पैसा फार नाही, पण आवाजाची शिस्त दुसरीकडे इतकी स्वस्तात मिळत नाही. आकाशवाणीच्या ‘पुन्हा प्रपंच’मधले बाळ कुडतरकरांचे टेकाडे भावजी घराघरांत पोचले ते फक्त आवाजावर. चाचणीला कागद सुटे न्या, पिन काढून, पान उलटायचं नाही, बाजूला सरकवायचं. माइकपासून वीतभर अंतर, तोंड किंचित तिरकं, म्हणजे ‘प’, ‘फ’, ‘भ’ फुटत नाहीत. ओरडायचं असेल तर आवाज दाबू नका, एक पाऊल मागे जा. दोन पात्रं वाचायची असतील तर आवाज बारीक-जाड करण्यापेक्षा वेग बदला, एक माणूस वाक्य पूर्ण करणारा, दुसरा अर्ध्यात सोडणारा.

आवाजावरून: शनिवार-रविवार मिळून चार प्रयोग असतील तर मधल्या वेळात कुजबुजून बोलू नका, कुजबुजण्याने घसा सुटत नाही, ताणला जातो. सरळ गप्प बसा. कोमट पाणी, वाफ, आणि प्रयोगानंतरचा तिखट वडा रोज नको. घसा बसलेला तीन आठवड्यांनंतरही सुटत नसेल तर काढे थांबवून कान-नाक-घशाच्या डॉक्टरकडे जा. प्रशांत दामले यांनी २०२२मध्ये १२,५०० प्रयोगांचा टप्पा गाठला, सुमारे चार दशकांत. सरासरी काढा, वर्षाला तीनशेच्या वर प्रयोग होतात. असा घसा आपोआप राहत नाही.

राहिला शिक्का. बसतो, खोटं कशाला सांगू. पण तो विनोदाचा नसतो, एकाच विनोदाचा असतो. दिलीप प्रभावळकर मुंबई दूरदर्शनवर चिमणराव म्हणून माहीत झाले, रंगभूमीवर ‘हसवाफसवी’त सहा वेगवेगळ्या भूमिका करत राहिले, आणि १९९१च्या ‘चौकट राजा’त त्यांनी लोकांना रडवलं. अशोक सराफ विनोदी चित्रपटांतून लोकप्रिय होत असताना विजया मेहतांच्या ‘हमीदाबाईची कोठी’तही उभे होते. दोघांनी दारं उघडी ठेवली ती नाटकातूनच, कारण गंभीर भूमिकेसाठी विनोदी नटावर आधी पैज लावतो तो नाटकाचा दिग्दर्शक. वाहिनी लावत नाही. तेव्हा वर्षाकाठी एक तरी प्रायोगिक किंवा स्पर्धेचं नाटक असं करा ज्यात तुम्हाला एकही हशा नाही. सांगलीतली तुमची जुनी मंडळी त्यासाठी बरी, त्यांना तुमची भीड नसेल.

आजच्या आज दोन कामं. वाहिनीला मेल पाठवा: मसुदा वाचतोय, नाटकाच्या प्रयोगांबद्दल आणि तारखांबद्दल दोन ओळी घालायच्या आहेत, आठ दिवसांत कळवतो. फोनवर बोलू नका, मेलच करा. आणि येत्या रविवारी त्या नाटकाचं बाल्कनीतलं, शेवटच्या रांगेचं तिकीट काढा. निर्मात्याकडून पास मागू नका, पासावर पुढची खुर्ची मिळते. वही आणि पेन्सिल न्या. टिचकीचं पेन नको, शेजारचा वैतागतो आणि तुमची एखादी हशाची जागा निसटते.